पल्याडचं मोठं चित्तर

आधीच सांगते, मी काही फिरायची हौस असलेली बाई नव्हे. कुरकुंभच्या एमआयडीसीत माझी खानावळ आहे. पहिल्या पाळीची पोरं जेवून उठेपर्यंत दुसऱ्या पाळीची दारात हजर असतात, त्यामुळं माझा सगळा प्रवास शेगडीपासून पाण्याच्या पिंपापर्यंत. पण पल्याडला जाऊन आल्यापासून जो भेटतो तो विचारतो, काय बघितलं, काय खाल्लं, चित्तर खरंच हलतं का. सांगून सांगून तोंड दुखायला लागलं, म्हणून एकदाचं लिहून काढलं.

जायचं कारण मामा. मामा म्हणजे माझे सासरे. त्यांच्या डोळ्यांत काचबिंदू निघाला. पुण्याच्या डॉक्टरांनी सांगितलं, गेलेली नजर परत यायची नाही आणि उरलेली किती टिकेल ते सांगता येत नाही. कडेचं सगळं गेलंय, समोरचं मधलं तेवढं दिसतं. घरी आल्यावर मामा ओट्यावर बसून राहिले. मी चहा नेऊन दिला तर म्हणाले, "सुनंदा, एक काम हाय. डोळं जायच्या आत सोमनाथच्या आईचं तोंड बघायचंय."

सोमनाथ माझा नवरा. तो रांगत होता तेव्हाच आत्याबाई, म्हणजे माझ्या सासूबाई, मेंढरांमागं फिरताना तापानं गेल्या. घरात त्यांचा एकच फोटो, कुणाच्यातरी लग्नातला. त्यात पदर हनुवटीपर्यंत ओढलेला.

"फोटो हाय की मामा," मी आपलं म्हणायचं म्हणून म्हटलं.

"त्यात लुगडं दिसतंय नुसतं. तिचं तोंड इसरलो मी. आवाज येतो ध्यानात, हात दिसत्यात, भाकरी थापताना. तोंडाच्या जागी काय न्हाई."

मला भडभडून आलं. खरं सांगायचं तर आत्याबाईंवर माझा थोडा रागच होता. लग्न होऊन आले तेव्हापासून चुलतसासवांकडून एकच ऐकत आले, तुझी सासू कशी गरीब गाय, नजर वर करून बघितलं नाही कधी, मोठ्यानं हसली नाही कधी. जिला कधी बघितलं नाही तिच्याशी माझी रोज तुलना. पण समोर बसलेला म्हातारा बायकोचं तोंड विसरल्याचं सांगतोय म्हटल्यावर तो राग कुठं धरून बसणार?

ज्यांना पल्याड माहीत नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. आमच्या धनगर घरांत ते सगळ्यांना ठाऊक आहे. वडगाव रासाईला भीमेला एक जुना उतार आहे. तिथून साधा माणूस नदीत उतरला तर दौंड तालुक्यात निघतो. मेंढीच्या मागं उतरला तर पल्याड निघतो. मेंढी मात्र कुठलीही चालत नाही, जिच्या आजी-पणजीनं पल्याडचं गवत खाल्लंय अशीच लागते. आणि पल्याडला एक मोठं चित्र आहे, आमची माणसं त्याला मोठं चित्तर म्हणतात. त्याच्यापुढं जो जाईल तो दुसऱ्या दिवशी सकाळी त्यात उमटतो, चित्तरापुढं गेला त्या घटकेला जसा होता तसा, आणि मग कायमचा तिथं राहतो. मामा आणि आत्याबाई लग्नाच्या नव्या नवलाईत मेंढरं घेऊन तिकडं गेले होते. म्हणजे आत्याबाई त्या चित्रात असणार, हा मामांचा हिशेब.

कवठे येमाई

आमची मेंढरं केव्हाच विकली. आता ऊस आणि कांदा. त्यामुळं आधी मेंढी मागायला कवठे येमाईला मामांच्या चुलतभावाकडं गेलो. त्यांना सगळे आप्पा म्हणतात. आप्पांनी बिबट्याच्या भीतीनं वाड्याला वर-खाली जाळी मारून घेतली आहे, आत मेंढरं आणि बाहेर हे खाटेवर.

"कशाला जाताय ह्या वयात?" आप्पा म्हणाले. मामांनी कारण सांगितलं.  आप्पांनी आत जाऊन चांदी नावाची मेंढी धरून आणली, कपाळावर पांढरा ठिपका असलेली. "हिची पणजी तुझ्याच कळपातली, दादा. वाट इसरायची न्हाई. फकस्त गाडीत बसवू नगा, तिला सवय न्हाई."

आता कवठ्यापासून वडगावपर्यंत मेंढी काय खांद्यावर न्यायची? छोटा हत्ती टेम्पो ठरवला. चांदी शिरूर येईपर्यंत गरीब बसली आणि मग माझ्या मांडीवर ओकली. फडकं शोधायला मी वळले तेवढ्यात गाठोड्यातल्या निम्म्या भाकरी खाऊन मोकळी झाली. मामा हसून हसून खोकायला लागले. दवाखान्यातून आल्यापासून ते पहिल्यांदा हसले, म्हणून चांदीला शिव्या द्यायच्या राहिल्या.

सोमनाथला कंपनीत सुट्टी मिळाली नाही, शटडाऊनचं, म्हणजे यंत्रं बंद ठेवून दुरुस्तीचं, काम चालू होतं. तो पाळी संपवून तसाच कुरकुंभहून मोटारसायकलवर नदीपर्यंत आला. खानावळ सांभाळायला माझी बहीण येऊन राहिली होती. जेवायला येणारा एक बिहारचा पोरगा म्हणाला होता, "भाभी, जल्दी आना, दीदी के हाथ में मिर्ची नहीं है." ते सोमनाथनं सांगितलं आणि मग वडिलांकडं बघत नुसता उभा राहिला. त्यालाही आई आठवत नाही. "नीट बघून ये," एवढंच मला म्हणाला.

उतार

पाणी गुडघ्याएवढं होतं, पण जलपर्णी इतकी माजलेली की नदी आहे की हिरवं रान तेच कळेना. चांदी पुढं, तिच्या शेपटीमागं मामा, मामांचा हात धरून मी. मध्यावर माझी एक चप्पल गाळात रुतली ती कायमची. पायाखालचा गाळ कधी संपला आणि वाळू कधी लागली ते समजलं नाही. वर बघितलं तर पलीकडचा ऊस नव्हता.

पल्याडचं गवत कांद्याच्या सालीच्या रंगाचं आहे. लांबून सगळी टेकाडं लालसर दिसतात आणि वारा आला की आतून पांढरी होतात. तिथल्या सावल्या उशिरा येतात. तुम्ही चालून पुढं गेलात की थोड्या वेळानं तुमची सावली मागून येते. पहिल्यांदा मी दचकलेच, कोण मागं लागलंय म्हणून. मामा म्हणाले, "घाबरू नगं, ती आपलीच हाय. बसलीस की येऊन बसंल जवळ."

गाव लागलं तसं एक बाई सामोरी आली. माझ्याच वयाची, केस पार कापलेले, अंगात गुडघ्यापर्यंतचा निळा झगा. तिचं नाव तिलमा. चित्तराची राखण ज्या घराकडं आहे त्या घरातली ती. पल्याडचे लोक आपलं बोलणं समजतात, कारण पूर्वी आमचे मेंढके दरसाल तिकडं जायचे. पण शिकले ते मेंढक्यांकडून, त्यामुळं सगळी भाषा मेंढरांच्या वाड्यातली. तिलमानं मला विचारलं, "तुझी कोकरं किती?" मी म्हटलं, एक मुलगी. "आणि हा म्हातारा एडका तुझा कोण?" मामांनी मिशीला हात लावला आणि तोंड फिरवून घेतलं.

नमस्कार करायची त्यांची रीत निराळी. हात जोडायचे नाहीत, वाकायचं नाही. समोरच्याच्या डोळ्यांत सरळ बघत उभं राहायचं, दोन श्वास होईपर्यंत. मान खाली घालणं म्हणजे त्यांच्यात तोंड लपवणं, आणि तोंड लपवणाऱ्याचा भरवसा धरत नाहीत. मला ते फार अवघड गेलं. आमच्याकडं सासऱ्यासमोर सुनेनं डोळा वर करायचा नाही आणि इथं तिलमा म्हणते, आत येण्याआधी तुम्ही दोघांनीही एकमेकांकडं बघा. इतक्या वर्षांत मी मामांच्या डोळ्यांत प्रथमच बघितलं. बुबुळं राखाडी झाली आहेत. एका बुबुळाला बारीक तपकिरी डाग आहे, तसाच सोमनाथच्या डोळ्यातही आहे.

जेवायला तापल्या दगडावर भाजलेली जाड भाकरी, कसल्यातरी आंबट पाल्याचं गरगट आणि मेंढीचं दही. सगळं अळणी. मी मिठाचं भांडं ओढायला गेले तर तिलमानं हात धरला. पल्याडला स्वतःच्या ताटात स्वतः मीठ घ्यायचं नसतं. शेजारी बसलेल्यानं तुमच्या तोंडाकडं बघायचं, तुम्हाला किती लागेल ते ओळखायचं आणि घालायचं. आमच्याकडं कुणाच्या हातावर मीठ दिलं की भांडण होतं म्हणतात. इथं मीठ घातल्याशिवाय ओळख होत नाही. तिलमानं माझ्याकडं बघून चिमूटभर घातलं आणि ते बरोबर पुरलं. मी सोबत नेलेला ठेचा तिला दिला. तो तिनं दह्यासारखा चमच्यानं खाल्ला. मग तिच्या डोळ्यांतून जे पाणी सुरू झालं ते थांबेना, पण ठेच्याची वाटी काही तिनं परत दिली नाही.

चित्तर

दुसऱ्या दिवशी सकाळी आधी दगडी कुंडावर तोंड धुवायला लावलं. चित्तरापुढं जाताना फूल, नारळ, भंडारा काही न्यायचं नाही. धुतलेलं तोंड न्यायचं, तेवढाच नैवेद्य.

एका लांबच लांब कड्याच्या पोटात ते चित्र आहे. कुणी काढलं असं विचारलं तर तिलमा म्हणाली, एका आईनं तिची हरवलेली पोर दगडावर काढली आणि बाकीची माणसं चित्तरानं आपणहून घेतली. रंग अजून ओला दिसतो. हजारो माणसं शेजारी शेजारी उभी, आणि सगळी आपल्याकडं बघताहेत. जागा सोडत नाहीत, पण केस वाऱ्यानं उडतात, कडेवरची पोरं चुळबुळ करतात, एखादी म्हातारी हळूच पापणी मिटते. खिडकीतून पलीकडं बघावं तसं ते खोल आहे, आपण बाजूला सरकलं की आतल्या माणसाचा कानही दिसतो. पल्याडचे लोक येऊन आपापल्या मेलेल्या माणसांपुढं ताठ उभे राहतात आणि त्यांच्या डोळ्यांत बघतात. कुणी रडत नव्हतं. एक बाप्या तर भिंतीतल्या म्हाताऱ्याला पिकाचं काहीतरी सांगत होता.

मामा माझा हात घट्ट धरून चालले होते. "आमची माणसं कुटं हायती?" त्यांनी विचारलं.

तिलमाचा चेहरा जरा कसनुसा झाला. तिनं आम्हाला बरंच पुढं नेलं. तिथं भिंतीत माणसं दिसेनात, खाली नुसते उंचवटे दिसले. काळे, पांढरे, हिरवे. जवळ गेल्यावर कळलं, त्या पाठी होत्या. घोंगडी पांघरलेल्या पाठी, पटके, डोक्यावरून घेतलेले पदर. सगळे जमिनीला डोकं टेकवून वाकलेले. एकाचंही तोंड दिसत नव्हतं.

"आम्ही ह्याला दगडांची ओळ म्हणतो," तिलमा म्हणाली. "आमच्या कोकरांना सांगतो, ह्यांना कुणी आठवू नये असं वाटत होतं, म्हणून ह्यांनी तोंडं लपवली."

 अहो, देवासारखं काही समोर दिसलं की आमचा माणूस डोकं टेकवणारच. ताठ उभं राहून टकामका कोण बघतं? ज्यांनी सगळ्यांत जास्त मान दिला तेच तिथं तोंड चुकवणारे ठरले. मी तिलमाला तसं सांगितलं, जरा तडकूनच सांगितलं. ती ऐकत राहिली.

मामा तोवर ओळीजवळ जाऊन एकेक पाठ डोळ्यांसमोर आणून बघत होते. कडेचं दिसत नसल्यानं त्यांना मान फिरवून फिरवून बघावं लागत होतं. मग एकदम थांबले. एका वाकलेल्या तरण्या माणसाचं डोकं उघडं होतं, आणि मागं एक कोकरू त्याच्या पटक्याचा शेव चघळत उभं होतं.

"ह्यो मीच," मामा म्हणाले. "च्यायला, ह्ये कोकरू. पटका ओढून नेलावता त्यानं. पार इसरलो हुतो."

त्याच्या डाव्या हाताला हिरव्या लुगड्यातली एक बाई वाकलेली होती. हातभर काकणं, मनगटावर गोंदलेली तुळस. मामांनी ती तुळस ओळखली. पदर पुढं पडून जमिनीला टेकला होता. मामा उजवीकडं सरकले, डावीकडं सरकले, मी सरकले. कुठूनही पदराच्या आतलं दिसेना.

"मीच म्हन्लो हुतो तिला," मामा म्हणाले. "ती उभी ऱ्हाऊन बघत हुती चित्तराकडं. मी म्हन्लो, अगं, डोकं टेकव."

  एवढ्या लांब आणून शेवटी पुन्हा पदरच. मला चित्तराचा राग आला, आमच्या रीतीचा राग आला, आणि मामांकडं बघवेना.

मग मामांनी पटका काढून ठेवला, गुडघे टेकले आणि जुन्या सवयीनं कपाळ दगडाला लावलं. तिलमा घाबरून धावली, कारण त्यांच्याकडं चित्तरापुढं आडवं फक्त मेलेल्या माणसाला ठेवतात. मी तिला अडवलं. म्हटलं, असू दे, आमची रीत आहे ती. मामा बराच वेळ तसेच होते. मग त्यांनी डोकं न उचलता मान तिच्या बाजूला वळवली, गाल दगडाला लावला, आणि त्यांच्या तोंडून एक आवाज निघाला. मला वाटलं, छातीत कळ आली.

"सुनंदा," ते म्हणाले. "खाली ये. हितनं दिसतीया."

मी खाली वाकले. कपाळ टेकवलं, मान वळवली. आणि पदराच्या खालच्या फटीतून आत्याबाई दिसल्या.

हसत होत्या. ओठ दातांत दाबून धरलेले, डोळ्यांत पाणी, नाकपुड्या फुगलेल्या. आवाज बाहेर फुटू नये म्हणून सगळं तोंड लाल झालेलं. शेजारी नवरा गंभीरपणे डोळे मिटून देवध्यान करतोय आणि मागं कोकरू त्याचा पटका खातंय, हे तिला दिसत होतं. एकवीस-बावीसची असेल. पुढचे दोन दात जरा एकावर एक, माझ्या मुलीचे आहेत अगदी तसे. ही म्हणे कधी हसली नाही. मी तिथं दगडावर गाल टेकवून रडत होते आणि हसतही होते, आणि इतक्या वर्षांचा माझा राग कुठल्या कुठं गेला.

"गंगू," मामा म्हणाले. त्यांच्या तोंडून हे नाव मी कधी ऐकलं नव्हतं. "ह्येच तोंड. आसंच हसायची. मला वाटायचं, सूर्य डोळ्यांवर येतोय म्हणून पदर घेती." मग ते नुसते बघत राहिले.

तिलमा उभीच होती. शेवटी तीही गुडघ्यांवर बसली, इकडंतिकडं बघितलं आणि डोकं टेकवलं. ती आमच्या ओळीकडं एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत बघत गेली. उठली तेव्हा तिच्या कपाळावर धूळ होती. ती पळत जाऊन घरच्यांना घेऊन आली. म्हातारेकोतारे, सवय नसल्यानं गुडघे धरत धरत खाली वाकले. कुणी डोळे मिटून पुटपुटत होतं, कुणी घाबरलेलं होतं, एक बाई पोराला पदराखाली पाजत होती, ते सगळं त्यांना पहिल्यांदाच दिसलं. तिलमाची आई माझ्याजवळ आली, माझ्या डोळ्यांत बघितलं आणि म्हणाली, "आम्ही कोकरांना चुकीचं सांगत होतो." मग आपली रीत सोडून तिनं माझ्यापुढं मान वाकवली. एवढी कशी मोठ्या मनाची माणसं असतात? कुणी परक्यानं येऊन आमच्या देवळात नवी रीत काढली असती तर आम्ही त्याला वेशीबाहेर घालवलं असतं.

निघताना

नवी माणसं चित्तराच्या शेवटच्या टोकाला उमटतात. निरोपाच्या दिवशी सकाळी आम्हाला बघायला सगळे तिकडं गेले, पण आम्ही तिथं नव्हतो. तिलमानंच शोधलं. हिरव्या लुगड्याच्या एका बाजूला तो उघड्या डोक्याचा तरणा मामा होता तसाच होता. दुसऱ्या बाजूला, जिथं आदल्या दिवशी कोरा दगड होता, तिथं म्हातारे मामा आले होते, गाल जमिनीला लावून, तोंड तिच्याकडं करून. त्यांच्यापलीकडं मी, एका पायात चप्पल.

तिलमानं निघताना मला मिठाची पुरचुंडी दिली आणि मी तिला उरलेला ठेचा. चांदीनं परतीची वाट बरोबर धरली. वडगावच्या उताराला सोमनाथ उभाच होता. त्यानं काही विचारायच्या आत मी त्याला सांगितलं, तुझी आई फार हसरी होती रे. तो तिथंच काठावर खाली बसला.

आप्पा, तुमची मेंढी नसती तर हे काहीच झालं नसतं. तिलमा, तुझं मीठ अजून पुरवून वापरते.

मामांना आता उजेड-अंधार तेवढा कळतो. जेवताना त्यांच्या ताटात मी मीठ घालते, तोंडाकडं बघून. ते ताठ बसून तोंड माझ्याकडं करतात. मधेच कधीतरी एकटेच हसतात आणि मी विचारत नाही.

तुम्ही कधी पल्याडला गेलात तर दगडांच्या ओळीपाशी उभे राहू नका. पार खाली वाका, कपाळ टेकवा आणि मान वळवा. हिरवा पदर दिसेल, त्याच्या आत हसणारी बाई दिसेल. तिच्या शेजारी जो म्हातारा आहे त्याचे डोळे बघा. ते उघडे आहेत, आणि तिथं ते जायचे नाहीत.